मोबाइलवरील रणक्रीडा : स्थान, संख्या आणि संदेश

१. विषय आणि त्याची मर्यादा

मोबाइल संचावर खेळल्या जाणाऱ्या ज्या क्रीडांनी गेल्या काही वर्षांत तरुण वर्गाचे मन वेधून घेतले आहे, त्यांत 'बॅटल रॉयल' ह्या नावाने ओळखला जाणारा प्रकार अग्रगण्य मानला पाहिजे. ह्या क्रीडेत जिंकावे कसे, ह्या प्रश्नाचे उत्तर सामान्यतः एकाच शब्दात दिले जाते : नेम. ज्याचा अंगठा चपळ आणि नेम अचूक तो जिंकणार, अशी खेळणाऱ्यांची आणि न खेळणाऱ्यांचीही समजूत आहे. प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन असे की, ही समजूत खोटी नसली तरी अपुरी आहे. नेमाचा उपयोग चकमकीच्या थोड्या क्षणांपुरता असतो. तो क्षण कोणत्या जागी, किती जणांनिशी आणि कोणत्या माहितीच्या बळावर गाठला, ह्यावर निकाल पुष्कळसा आधीच ठरून गेलेला असतो. म्हणून येथे स्थान, संख्या आणि संदेश ह्या तीन अंगांचा क्रमाने विचार केला आहे. तिसरे अंग भाषेचे असल्यामुळे त्याचा विस्तार अधिक आहे. भाषाविज्ञानाच्या अभ्यासकाने ह्या विषयात पडण्याचे कारणही तेच.

ह्या प्रकाराचे नाव कोशुन ताकामी ह्या जपानी लेखकाच्या १९९९ साली प्रसिद्ध झालेल्या कादंबरीवरून आणि तिच्यावर २००० साली निघालेल्या चित्रपटावरून आले. त्या कल्पनेला संगणकक्रीडेचे रूप देणाऱ्यांत ब्रेंडन ग्रीन ह्या आयरिश रचनाकाराचे नाव प्रमुख आहे. त्याच्या नावाशी निगडित असलेला खेळ २०१७ साली संगणकावर आणि २०१८ च्या मार्चमध्ये मोबाइलवर आला. तोच आपल्याकडे 'पबजी' ह्या सुटसुटीत नावाने रूढ झाला. भारत सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी त्यावर बंदी घातली. त्यानंतर २ जुलै २०२१ रोजी 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' ही आवृत्ती भारतासाठी निघाली. तीही जुलै २०२२ मध्ये काढून घेतली गेली आणि मे २०२३ मध्ये पुन्हा उपलब्ध झाली. पुढील विवेचनात हाच खेळ आणि त्यातील 'एरांगेल' हा मूळ नकाशा गृहीत धरला आहे.

खेळाचे नियम थोडक्यात असे. सुमारे शंभर खेळाडू एका विमानातून आठ किलोमीटर लांब आणि तितक्याच रुंद प्रदेशावरून जातात आणि हवे तेथे छत्रीने उतरतात. उतरताना हातात शस्त्र नसते; घरे धुंडाळून बंदुका, चिलखत, औषधे मिळवावी लागतात. ह्या क्रियेला खेळाडू 'लूट' म्हणतात. आपल्याच भाषांतून इंग्रजीत गेलेला हा शब्द खेळाच्या वाटेने पुन्हा आपल्याकडे परतला, ही गोष्ट शब्दांच्या इतिहासाच्या दृष्टीने मौजेची आहे. ठरावीक वेळाने नकाशावर एक वर्तुळ उमटते. त्याबाहेर राहणाऱ्यास इजा होत जाते, आणि हे वर्तुळ टप्प्याटप्प्याने आकुंचन पावते. शेवटी जो एकटा किंवा जो संघ उरेल तो विजयी. येथे चौघांच्या संघाचाच विचार केला आहे.

२. स्थान

स्थानाचा पहिला निर्णय विमानातच घ्यावा लागतो. विमान सरळ रेषेत जाते आणि ती रेषा दर डावाला बदलते. पोचिंकीसारखे नकाशाच्या मध्यावरचे गाव किंवा दक्षिणेकडील बेटावरचा लष्करी तळ येथे शस्त्रे भरपूर मिळतात, परंतु त्याच कारणाने तेथे गर्दीही होते. तशात लष्करी तळ मुख्य भूमीशी दोन पुलांनी जोडलेला असल्यामुळे, वर्तुळ दुसरीकडे पडले तर परतीची वाट अडवून बसलेल्यांच्या तोंडी जाणे भाग पडते. विमानाच्या रेषेपासून काहीसे दूर असलेले, चार-पाच घरांचे ठिकाण निवडल्यास लूट कमी मिळते, पण संघ अखंड राहतो. आणि ह्या अखंडत्वाचे मोल किती, हे पुढील विभागात दिसून येईल.

दुसरा निर्णय वर्तुळासंबंधीचा. ह्याविषयी खेळाडूंमध्ये दैववाद फार आढळतो. 'झोन नशिबाचा' हे वाक्य वारंवार कानी येते. वास्तविक येथे साध्या भूमितीचे साहाय्य घेता येते. नवे वर्तुळ नेहमी जुन्या वर्तुळाच्या पूर्ण आत असते. समजा, नव्याची त्रिज्या जुन्याच्या निम्मी आहे. मग नव्या वर्तुळाचा मध्य जुन्या मध्यापासून जास्तीत जास्त अर्ध्या त्रिज्येइतकाच दूर जाऊ शकेल. त्याहून अधिक दूर गेला तर वर्तुळ बाहेर पडेल. ह्याचा अर्थ असा की, जुन्या वर्तुळाचा मध्यबिंदू नव्या वर्तुळात असतोच असतो. तेथे उभा असलेल्यास नशिबाची गरज नाही.

इतर ठिकाणांचा हिशेबही मांडता येतो. नवा मध्य त्याला मोकळ्या असलेल्या क्षेत्रात कोठेही पडण्याची शक्यता सारखी मानली, तर जुन्या मध्यापासून पाव त्रिज्येवर असलेला खेळाडू नव्या वर्तुळात सापडण्याची शक्यता शेकडा सुमारे ६९, अर्ध्या त्रिज्येवर सुमारे ३९, पाऊण त्रिज्येवर सुमारे १४ आणि काठावर जवळजवळ शून्य येते. प्रत्यक्ष खेळात आकुंचनाचे प्रमाण टप्प्यागणिक कमीअधिक होते. तेव्हा हे आकडे अंदाजाचे समजावेत. तथापि त्यांतून निघणारा निष्कर्ष स्पष्ट आहे : काठाकडून आत सरकताना प्रत्येक पावलाचा लाभ समान नसतो, आणि पाव त्रिज्येच्या आत पोचलेल्या संघाला पुढील स्थलांतराची चिंता बरीच कमी असते.

मग सर्वांनीच मध्य का गाठू नये? कारण मध्यावरच्या माणसाला सर्व दिशांनी शत्रू असू शकतो. काठाने चालणाऱ्याच्या पाठीशी मात्र आकुंचन पावणारी सीमा असते आणि तिच्याबाहेर फार वेळ कोणी टिकत नाही. म्हणजे त्याला निम्म्या दिशांवरच लक्ष ठेवावे लागते. मध्य धरणारा पुढच्या जागेची निश्चिती विकत घेतो आणि काठाने जाणारा पाठीची निश्चिती. एकाच संघाने एका डावात दोन्ही गोष्टींचा मोह धरला की तो वर्तुळ आकसू लागल्यानंतर उघड्या माळावर धावताना सापडतो. मध्य धरावयाचा असेल तर वर्तुळ जाहीर होताच, इतर लोक लुटीत गुंतलेले असताना निघाले पाहिजे, आणि दगडी भिंत किंवा उंचवटा असलेली जागा घेतली पाहिजे.

अखेरच्या वर्तुळातील गवताबद्दलही येथेच सांगितले पाहिजे. मोबाइल संचाची शक्ती मर्यादित असल्यामुळे दूरचे गवत पडद्यावर चितारले जात नाही. म्हणून गवतात पालथा पडलेला खेळाडू स्वतःला झाकलेला समजतो, पण दूरच्या टेकडीवरून पाहणाऱ्यास तो मोकळ्या जमिनीवर पडलेला दिसतो. आपणास काय दिसते ह्यापेक्षा शत्रूस काय दिसते हे जाणणे ह्या खेळात अधिक मोलाचे आहे.

३. संख्या

इंग्रज अभियंता फ्रेडरिक लँचेस्टर ह्याने १९१६ साली प्रसिद्ध केलेल्या विवेचनात असे दाखविले की, जेथे प्रत्येकजण दुरून कोणावरही मारा करू शकतो, तेथे पक्षाचे बळ संख्येच्या प्रमाणात नव्हे, तर संख्येच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. चार-चार जणांच्या टोळ्यांना हा नियम तंतोतंत लागू पडणार नाही. पण त्याची दिशा अनुभवाशी जुळते. कौशल्य समान असेल तर चौघे आणि तिघे ह्यांचे बळ सोळास नऊ असे होते. उरलेल्या सातांचे वर्गमूळ सुमारे २.६, म्हणजे चौघांचा पक्ष अडीच-पावणेतीन माणसे राखून जिंकतो. चौघांचा एक संघ दोन-दोनांत विभागला गेला आणि समोरच्या अखंड चौघांनी त्यांना एकामागून एक गाठले, तरी जिंकणाऱ्यांपाशी सुमारे २.८ इतके बळ शिल्लक उरते. संघ विखुरण्याची किंमत अशी जबर आहे.

हाच हिशेब 'नॉक' झालेल्या खेळाडूस लावून पाहावा. बळ संपलेला खेळाडू लगेच बाद होत नाही. तो खाली पडून रांगतो आणि सोबत्याने सुमारे दहा सेकंद खर्चून उठविले तर पुन्हा उभा राहतो. चौघांपैकी एक पडला आणि दुसरा त्याला उठवू लागला, की त्या काळात लढणारे दोघेच उरतात. सोळास चार असा हा सामना असतो. शत्रूस पाडल्याबरोबर चाल करावी असे जुने खेळाडू सांगतात, त्याचे कारण हे. हे दहा सेकंद उलटले की आलेली संधी गेलीच म्हणावयाची. दोन संघ झुंजत असताना तिसऱ्याने शेवटी उतरावे, ह्या प्रसिद्ध डावपेचाचेही मूळ ह्यातच आहे. विजयी संघ त्या क्षणी औषधोपचारात गुंतलेला आणि संख्येने घटलेला असतो. अर्थात हे आपल्यालाही लागू आहे. चकमक जिंकल्यावर लगेच लुटीला न धावता आधी जागा बदलावी, हे उत्तम. गोळीबाराच्या खुणा जवळपासच्या खेळाडूंच्या लहान नकाशावर उमटतात, त्यामुळे आपला पत्ता आपणच जाहीर केलेला असतो.

येथे एक अट ध्यानात ठेवली पाहिजे. संख्येचा हा लाभ चौघांनाही एकाच शत्रूवर एकाच वेळी मारा करता आला तरच मिळतो. त्यासाठी चौघांनाही तो शत्रू कोठे आहे हे कळावे लागते. आणि ते कळविण्याचे साधन म्हणजे बोलणे. चौघांचे बळ सोळा होणार की चार सुट्या माणसांचे चार राहणार, हे त्यांच्या परस्परांतील बोलण्यावर अवलंबून असते.

४. संदेश

गोळी लागताच खेळाडूच्या तोंडून बहुधा पहिला उद्गार निघतो तो असा : 'अरे भावा, तिकडे आहे बघ!' ह्या वाक्यात सहानुभूतीची हाक आहे, भावना आहे, पण माहिती नाही. 'तिकडे', 'समोर', 'डावीकडे' हे शब्द बोलणाऱ्याच्या जागेवरून आणि तोंडाच्या दिशेवरून अर्थ घेतात. जर्मन विचारवंत कार्ल ब्यूलर ह्याने १९३४ साली अशा शब्दांचा सविस्तर विचार केला आणि 'मी, येथे, आत्ता' हा त्यांचा मूळबिंदू होय असे दाखविले. समोरासमोर बोलताना हा मूळबिंदू ऐकणाऱ्याला दिसत असतो. बोलणारा हाताने दाखवितो, मान वळवितो. मोबाइलवर चौघे चार निरनिराळ्या घरांत बसलेले असतात आणि चौघांच्या पडद्यांची तोंडे चार दिशांना असतात. मूळबिंदू सामायिक नसताना 'तिकडे' हा शब्द नुसता आवाज ठरतो. ह्याच कारणाने, खेळात तयार पुरविलेल्या संदेशांपैकी 'पुढे शत्रू आहे' अशा अर्थाच्या संदेशाचा एकट्याने फारसा उपयोग होत नाही. पुढे म्हणजे कोणाच्या पुढे?

ह्यावर उपाय म्हणजे ज्या दिशा बोलणाऱ्यावर अवलंबून नाहीत त्यांचा वापर. ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंडमधील गुगु यिमिथिर ह्या भाषेत लहान अंतरांसाठीही उत्तर-दक्षिण अशाच दिशा सांगतात, ही गोष्ट भाषाविज्ञानात प्रसिद्ध आहे. पण त्यासाठी इतके दूर जाण्याचे कारण नाही. आपल्याकडील शेतकरी 'उगवतीचा बांध', 'मावळतीकडचे आंब्याचे झाड' असे बोलतो. जमिनीच्या खरेदीखतात चतुःसीमा लिहिताना पूर्वेस, पश्चिमेस, दक्षिणेस, उत्तरेस असेच लिहावे लागते. तेथे 'डावीकडे' लिहिले तर तंटा उभा राहील. निश्चित दिशेची ही भाषा मराठीत पूर्वीपासून आहे; खेळाडूने तिचा उपयोग करावयाचा एवढेच.

पडद्याच्या वरच्या कडेला होकायंत्राची पट्टी असते आणि तिच्यावर पंधरा-पंधरा अंशांच्या खुणा असतात. त्यामुळे 'दोनशे चाळीस' असे म्हटले की चौघेही एकाच दिशेस वळू शकतात. मात्र येथे एक सूक्ष्म दोष राहतो. समजा, दोन सोबती एकमेकांपासून १०० मीटर अंतरावर आहेत आणि शत्रू पहिल्यापासून २०० मीटरवर, त्या दोघांना जोडणाऱ्या रेषेशी काटकोनात आहे. पहिल्याला तो ज्या अंशावर दिसतो, त्यापेक्षा दुसऱ्याला सुमारे २७ अंश सरकलेला दिसेल. म्हणजे पट्टीवर जवळजवळ दोन खुणांचा फरक. हेच दोघे २० मीटर अंतरावर असते तर फरक सुमारे सहा अंशच पडला असता. तेव्हा नियम असा बांधता येईल : संघ जवळ असेल तर अंश पुरेत; संघ पसरलेला असेल तर अंशाबरोबर ठिकाणाचे नाव सांगावे किंवा नकाशावर खूण करावी. उलट पक्षी, दोघांनी आपापले अंश सांगितले तर दोन रेषांच्या छेदाने शत्रूची जागा नक्की होते. हीच युक्ती भूमापक वापरतात.

दुसरी अडचण संख्यावाचक शब्दांची. मराठीत एकवीस ते नव्व्याण्णव ह्या संख्यांत बहुधा एकक आधी आणि दशक नंतर बोलला जातो. होकायंत्राच्या पट्टीवरील २५५ आणि २८५ ह्या खुणा घ्या : 'दोनशे पंचावन्न' आणि 'दोनशे पंच्याऐंशी'. भेद दाखविणारा भाग शब्दाच्या अखेरीस येतो आणि नेमका तोच गोळीबाराच्या आवाजात बुडतो. ३४५ साठी 'तीनशे पंचेचाळीस' म्हणतानाही तेच घडते. दुसरीच्या पाठ्यपुस्तकात 'वीस एक' अशी वाचनाची रीत आली तेव्हा, २०१९ साली, महाराष्ट्रात मोठा वाद झाला होता. त्या वादाचा निवाडा येथे करावयाचा नाही. तरुण खेळाडू ह्या ठिकाणी मराठी सोडून 'टू फिफ्टी-फाइव्ह' म्हणतात आणि पुष्कळदा पुढे असेही म्हणतात की, मराठीत चटकन आणि नेमके बोलता येत नाही. हा आक्षेप गंभीरपणे घेण्यासारखा आहे, आणि त्याला उत्तरही आहे. वैमानिक दिशा सांगताना अख्खी संख्या न बोलता तीन अंक सुटे उच्चारतात. तसे 'दोन पाच पाच', 'दोन आठ पाच' म्हटले की भेद शब्दाच्या मध्यावर, ठसठशीत अक्षरांत येतो. ह्यासाठी भाषा बदलावी लागत नाही. त्याच भाषेतील अधिक सोयीची रीत निवडावी लागते.

तिसरी गोष्ट क्रियापदाची. 'नॉक केला' आणि 'नॉक झाला' ह्या दोन प्रयोगांत मराठीने फार उपयुक्त भेद राखून ठेवला आहे. पहिल्यात कर्ता आपल्या पक्षाचा आहे हे उघड आहे. दुसऱ्यात कर्त्याचा उल्लेखच नाही, त्यामुळे पडला तो शत्रू की सोबती, हे कळत नाही. आणि नुसते 'नॉक!' म्हटले तर उरलासुरला भेदही नाहीसा होतो. मागील विभागातील दहा सेकंदांचा विचार केला तर ह्या एका क्रियापदाचे मोल कळून येईल. 'नॉक केला' ऐकणाऱ्याने पुढे धाव घ्यावयाची असते. सोबती पडला असेल तर धूर सोडून मागे यावयाचे असते. दोन परस्परविरुद्ध कृतींमधला निर्णय 'केला' आणि 'झाला' ह्यांतील अंतरावर टेकलेला असतो. म्हणून सोबत्याविषयी बोलताना 'मी पडलो' असे प्रथमपुरुषी आणि शत्रूविषयी 'पाडला' असे सकर्मक रूप वापरण्याचा संघाने आधीच संकेत ठरवावा.

चौथी गोष्ट क्रमाची. लढाईत वाक्य पूर्ण होईलच अशी खात्री नसते. म्हणून ज्याची गरज सर्वांत आधी, ते सर्वांत आधी बोलावे. ऐकणाऱ्याला प्रथम वळावयाचे असते, मग शोधावयाचे असते, मग ठरवावयाचे असते. त्यामुळे दिशा, ठिकाण, संख्या, स्थिती हा क्रम योग्य ठरतो : 'दोन एक शून्य, पिवळ्या घराची गच्ची, एक, जखमी.' मराठीत 'आहे' गाळून केवळ नामांची वाक्ये करता येतात, ही येथे मोठीच सोय आहे. ऐकणाऱ्याने 'दिसला' किंवा 'नाही दिसला' एवढेच उत्तर द्यावे. उत्तर न आलेला संदेश पोचला असे समजू नये.

ह्याच्याच जोडीला मौनाचे महत्त्व सांगितले पाहिजे. जवळच्या शत्रूची पावले कानांत येतात. डावा-उजवा भेद कळावा म्हणून खेळाडू कर्णयंत्र लावतो, आणि त्याच कर्णयंत्रातून सोबत्यांची बडबडही येत असते. मागच्या चकमकीत चूक कोणाची, हा वाद पुढच्या चकमकीच्या वेळी चालू असेल तर पावलांचा आवाज त्याखाली दडपला जातो. पडलेल्या खेळाडूने विशेष संयम राखावा. त्याच्याकडे बोलण्याचे कारण पुष्कळ असते, पण सांगण्यासारखे बहुधा एकच वाक्य असते : मारणारा कोठे होता.

५. समारोप

वरील तिन्ही अंगांचा परस्परसंबंध आता ध्यानात येईल. चांगले स्थान संघाला वेळ मिळवून देते. त्या वेळात संघ अखंड राहतो. आणि अखंड संघाचे बळ संदेशाच्या द्वारेच कामास येते. गेल्या काही वर्षांतील अधिकृत स्पर्धांच्या गुणपद्धतीतही हे प्रतिबिंबित झालेले दिसते. तेथे पहिल्या क्रमांकास दहा, दुसऱ्यास सहा आणि बाद केलेल्या प्रत्येक प्रतिस्पर्ध्यामागे एक गुण मिळतो. शेवटच्या चकमकीतील जयापजय म्हणजे चार शत्रूंइतका फरक. केवळ नेमावर विसंबणारा खेळाडू अधूनमधून चमकतो. सातत्याने वर राहतो तो संघ.

ह्या क्रीडेत घालविलेल्या वेळाविषयी वडील मंडळींची जी तक्रार असते ती निराधार नाही, आणि तिचे निरसन करणे हा ह्या लेखाचा हेतू नाही. परंतु एका गोष्टीकडे अभ्यासकांनी दुर्लक्ष करू नये. हजारो मराठी मुले रोज रात्री अशा स्थितीत बोलत असतात की, जेथे शब्दाच्या नेमकेपणाची परीक्षा दोन सेकंदांत होते आणि निकाल लगेच हाती येतो. दिशावाचक शब्द, संख्यावाचन, सकर्मक-अकर्मक भेद, परभाषेतील शब्दांची उसनवारी ह्या सर्वांचा अभ्यास करण्यास इतके जिवंत क्षेत्र क्वचितच मिळेल. बोलणाऱ्यांची संमती घेऊन अशी संभाषणे नोंदविली आणि ती डावाच्या निकालाशी ताडून पाहिली, तर ह्या लेखात तर्काने मांडलेल्या विधानांची कसोटी लागेल. मराठीत नेमके बोलता येत नाही, हे ज्यांना खरे वाटते त्यांनी आणि ज्यांना ते खोटे वाटते त्यांनीही त्या कसोटीची वाट पाहावी. तोपर्यंत खेळाडूंनी पुढच्या डावात एवढेच करून पाहावे : 'तिकडे' हा शब्द वर्ज्य मानावा आणि तीन सुटे अंक बोलावेत.